हॉटेलात पुराचं पाणी घुसलं तर कशानंतर काय करायचं

आपल्याकडं हॉटेल टाकणारा माणूस टँकरचा खर्च धरूनच चालतो, पुराचा कोणी धरत नाही. लातूरला 2016 मध्ये मिरजेहून रेल्वेनं पाणी आणावं लागलं होतं हे सगळ्यांच्या ध्यानात आहे, आणि त्याच मराठवाड्यात 2025 च्या सप्टेंबरात सीना, मांजरा, सिंदफणा पात्र सोडून गावात शिरल्या, जायकवाडीचे दरवाजे उघडले तसं पैठणपासून नांदेडपर्यंत गोदाकाठच्या लोकांचा जीव टांगणीला लागला. ज्यांनी नुकतंच हॉटेल, खानावळ, ढाबा किंवा नाश्ता सेंटर सुरू केलंय आणि पहिल्यांदाच हे बघायलेत त्यांच्यासाठी हे लिहितोय.

मेहनतीत कोणी कमी पडत नाही, पूर ओसरला की अख्खं घर, पाव्हणेरावळे, पोरं सगळे झाडू घेऊन उभे राहतात. गडबड होते ती क्रमाची. लाईट आधी चालू करून बघतात, चिखलावरच ब्लीचिंग फेकतात, ओल्या भिंतीला चार दिवसात डिस्टेंपर मारतात, आणि मग महिन्याभरात रंगाला पोपडे, फ्रीजरला शॉक आणि गिऱ्हाईकाला जुलाब. म्हणून खाली जे लिहिलंय ते वरून खाली याच क्रमानं करा.

आत पाय टाकायच्या आधी

शटर अर्धं उघडून लगेच आत शिरू नका. आत अजून पाणी असेल आणि मेन स्विचपर्यंत जायला त्या पाण्यातून जावं लागत असेल तर जाऊच नका, महावितरणला 1912 वर फोन लावा किंवा गावातल्या लाईनमनला सांगून खांबावरून लाईन काढून घ्या. इन्व्हर्टर असेल तर तो पण लक्षात ठेवा, मेन बंद केला तरी बॅटरी चालूच असते आणि ती वायरमनकडूनच सोडवून घ्या.

दुसरं गॅस. कमर्शियलचा 19 किलोचा सिलिंडर रिकामा असला की पाण्यावर तरंगतो, आडवा पडतो, पाईप ताणला जातो, कधी कधी निसटतोच. आणि हा गॅस हवेपेक्षा जड असतो, म्हणून खाली बसतो, तळघरात, नालीत, ओट्याखाली साचून राहतो. वास आला तर मोबाईलची बॅटरीसुद्धा आत पेटवू नका, दारं उघडा, बाहेर या, 1906 ला फोन करा. वास नसला तरी रेग्युलेटर आणि रबरी पाईप पाण्यात बुडाले असतील तर ते बदलायचेच, आणि शेगडी पेटवायच्या आधी एजन्सीचा मेकॅनिक बोलवायचा. बर्नरच्या जेटमध्ये गाळ बसलेला असतो, ज्योत पिवळी येते नाहीतर उलटी फिरते.

तिसरं, साप-विंचू. काठी घेऊनच जा. पोत्यांच्या मागं, फ्रीजच्या खाली, टेबलाच्या उलट्या बाजूला हात घालायच्या आधी काठीनं हलवा. घोणस तर पडून राहते, हलत पण नाही. कुणाला चावलं तर बांधाबांध, चिरा मारणं काही करू नका, 108 ला फोन आणि सरळ सरकारी दवाखाना.

अंगात गमबूट, रबरी हातमोजे, तोंडाला मास्क. पुराचं पाणी म्हणजे गटार, संडासाची टाकी, शेतातलं औषध, मेलेलं जनावर सगळं एकत्र आलेलं पाणी असतं. पायाला जखम असलेल्या पोराला त्यात उतरवू नका, धनुर्वाताचं इंजेक्शन घेऊन ठेवा, आणि लेप्टोच्या (उंदरांच्या लघवीतून पाण्यात येणाऱ्या तापाच्या) गोळीबद्दल डॉक्टरला आधीच विचारा. पुढच्या दोन-तीन आठवड्यात कुणाला जोराचा ताप, पोटऱ्या दुखणं, डोळे लाल होणं असं झालं तर डॉक्टरला स्पष्ट सांगायचं की हा माणूस पुराच्या पाण्यात काम करत होता.

(पाणी वरच्या टाकीचं किंवा फुटलेल्या नळाचं असेल तर एवढं भ्यायचं कारण नाही. लाईट बंद, पाणी काढा, एका दिवसात सुकवायला लागा. मात्र तेच पाणी दोन दिवस तसंच साचलं तर त्याला पण गटाराचंच पाणी समजा.)

झाडू हातात घ्यायच्या आधी मोबाईल

एक वस्तू हलवायच्या आधी पूर्ण हॉटेलचा व्हिडिओ काढा. दारापासून सुरू करा, भिंतीवरची पाण्याची रेषा दिसली पाहिजे, तिच्याजवळ मीटरपट्टी किंवा टेप धरून फोटो घ्या, मग फ्रीज, फ्रीजर, मिक्सर यांचे मॉडेल नंबर, पोती, डबे, फर्निचर एकेक करून. विमा असेल तर त्याच दिवशी कंपनीला कळवा आणि तक्रारीचा नंबर लिहून घ्या, सर्व्हेअर येईपर्यंत महागाचं सामान भंगारात देऊ नका. सडणारा माल मात्र ठेवून चालत नाही, त्याचा वजनकाट्यावर फोटो काढा, यादी करा, आणि मग टाका. तलाठ्याला किंवा नगरपालिकेत सांगून पंचनामा करून घ्या, पंचनाम्यात काय काय लिहिलं ते स्वतः वाचा, "दुकानात पाणी शिरले" एवढ्या एका ओळीवर सही करून देऊ नका.

गल्ल्याखालची उधारीची वही भिजली असेल तर ती उन्हात टाकू नका, पानं चिकटून एकच गठ्ठा होतो. वही आडवी ठेवायची, जी पानं आपोआप सुटतील तेवढीच उघडायची, मध्ये कोरा कागद किंवा पेपर घालायचा, तो भिजला की बदलायचा. पान सुटलं की लगेच फोटो. बॉलपेनचं लिखाण बहुतेक वाचतं, शाईपेनचं पसरतं. लायसन्स, भाडेकरार, वीजबिल यांचंही असंच.

गाळ ओला आहे तोपर्यंतच काढा

या लेखातलं एकच काही लक्षात ठेवणार असाल तर हे ठेवा. आपली काळी माती ओली असते तेव्हा फावड्यावर लोण्यासारखी येते आणि सुकली की फरशीला अशी धरते की छिन्नीशिवाय निघत नाही, वर तडकून तिची धूळ होते आणि ती धूळ नाकात, मसाल्यात, पंख्यात सगळीकडं जाते. म्हणून पाणी उतरायला लागलं की पाण्यासोबतच गाळ ढकलत बाहेर काढायचा. फावडं, घमेलं, खराटा, आणि मोठं रबरी वायपर. आतल्या कोपऱ्यापासून दाराकडं. घमेल्यानं बाहेर एका जागी ढीग करा, नालीत किंवा किचनच्या चेंबरमध्ये ढकलू नका. नाली तुंबली की पुढच्या पावसात तेच पाणी मागं फिरून मोरीतून वर येतं. चेंबरची झाकणं उघडून त्यातला गाळ पण हातानं उपसायला लागतो, ते काम सगळ्यात घाण आहे पण टाळता येत नाही.

तळघर किंवा खोल गोडाऊन असेल तर एक सावधगिरी. बाहेरची जमीन पाण्यानं फुगलेली असते, आतलं पाणी भिंतीला आतून आधार देत असतं. मड पंप लावून एका झटक्यात सगळं उपसलं तर बाहेरच्या दाबानं भिंत आत येऊ शकते. दिवसाला साधारण एक तृतीयांश काढा, खूण करून ठेवा, रात्री पाणी पुन्हा वर आलं तर एक दिवस थांबा. आणि पंपाचं डिझेल इंजिन किंवा जनरेटर आत ठेवून चालवू नका, त्याच्या धुरातल्या कार्बन मोनॉक्साईड वायूनं माणूस बसल्या जागी मरतो, त्या वायूला वास पण नसतो.

गाळ निघाला की साध्या पाण्यानं भिंतीवरून खाली धुवायचं. नोजलची प्रेशर मशीन मिळाली तर बरं, पण स्विचबोर्ड, मोटार आणि फ्रीजच्या मागच्या बाजूवर मारू नका.

शहाबादी फरशी असेल तर एकेक फरशी काठीच्या टोकानं वाजवून बघा. पोकळ आवाज आला म्हणजे खालचा मुरूम वाहून गेलाय किंवा तिथं पाणी साचलंय. तेवढ्याच फरशा उचलून, खालचा भाग सुकवून परत बसवायच्या. सगळी फरशी उखडायला सांगणारा मिस्त्री भेटेल, घाई करू नका.

काय ठेवायचं, काय फेकायचं

इथं जीव तुटतो, मला माहितीय. वर्षभराचं काळं तिखट कुटून ठेवलेलं असतं, येसर असतो, ज्वारीची, तांदळाची, डाळीची पोती असतात. पण पुराचं पाणी लागलेलं कोणतंही पीठ, धान्य, मसाला, साखर, चहापत्ती ठेवायची नाही, पिशवी वरून कोरडी दिसत असली तरी. उन्हात वाळवून वापरू म्हणणारे फार असतात. वाळवल्यानं ओल जाते, घाण जात नाही, आणि दोन दिवस भिजलेल्या धान्यात बुरशीचं जे विष तयार होतं ते शिजवून पण मरत नाही. त्यामुळं जनावरांना पण घालू नका, नाहीतर दावणीची म्हैस जायची. पोती फेकताना ब्लेडनं फाडा, वरून फिनेल टाका, नाहीतर कुणीतरी उचलून नेतं आणि ते कुठल्यातरी ताटात येतं.

पूर्ण सीलबंद पत्र्याचे डबे, चेपलेले किंवा गंजलेले नसतील तर, लेबल काढून, साबणानं धुवून, क्लोरीनच्या पाण्यातून काढून वापरता येतात. फिरकीच्या झाकणाच्या बाटल्या, कोल्ड्रिंकच्या बूच लावलेल्या बाटल्या, प्लास्टिकच्या बुचाचे तेलाचे डबे, दुधाच्या पिशव्या, लोणच्याच्या बरण्या सगळं जाऊ द्या. झाकणाच्या आट्यांमध्ये पाणी बसतं आणि ते धुवून निघत नाही.

पाणी फ्रीजपर्यंत आलंच नसेल, फक्त लाईट गेली असेल तर हिशोब वेगळा. साध्या फ्रीजमधलं पनीर, दूध, खवा, मटण चार तासांवर गेलं की संपलं. गच्च भरलेला डीप फ्रीजर झाकण न उघडता साधारण दोन दिवस थंडी धरतो, अर्धा भरलेला एक दिवस. चव घेऊन तपासू नका.

लाकडी पोळपाट, लाटणं, कटिंगचा ठोकळा, रवी, बांबूच्या टोपल्या, ओरखडे पडलेले प्लास्टिकचे डबे, तडे गेलेल्या मेलामाइनच्या प्लेटा: फेका. स्टील, पितळ, काच, बिडाचा तवा: ठेवा. मातीचा तंदूर गळ्यापर्यंत बुडाला असेल तर नवीन बसवा, भिजलेली माती आतून घाण शोषून घेते आणि तापवल्यावर तडकते. विटांची भट्टी असेल तर पहिले काही दिवस बारीक जाळ ठेवून हळूहळू सुकवायची.

प्लायवूडचं काउंटर, पार्टिकल बोर्डाचं कपाट, पीओपी, सोफ्याचा फोम हे वाचत नाही. फुगलेलं प्लाय उन्हात ठेवून सरळ होईल असं वाटतं, पण आतल्या थरात बुरशी धरलेली असते. भिंतीला प्लायचं पॅनलिंग असेल तर पाण्याच्या रेषेच्या दीड-दोन फूट वरपर्यंत कापून काढा, ओल वर चढलेली असते आणि पॅनलच्या मागं काय आहे ते कापल्याशिवाय दिसत नाही.

आधी साबण, मग ब्लीचिंग

ब्लीचिंग चिखलावर टाकलं की त्याचा सगळा जोर चिखलातच संपतो. त्यामुळं चार पायऱ्या: गाळ काढा, साबणाच्या पाण्यानं घासा, स्वच्छ पाण्यानं धुवा, आणि मग क्लोरीन.

प्रमाण अंदाजानं नको, मसाल्याचा काटा आहेच आपल्याकडं. ताजी, बंद पिशवीतली ब्लीचिंग पावडर साधारण 33 टक्क्यांची असते. उघडी, ओलसर झालेली पावडर वासाला उग्र असली तरी कामाला येत नाही. फरशी, भिंती, मोरी, चेंबर यांसाठी 10 लिटर पाण्याला 30 ग्रॅम. भांडी, ओटा, टेबल, जिथं अन्न लागतं त्यासाठी 10 लिटरला 6 ग्रॅम, बस. पावडर आधी थोड्या पाण्यात कालवून पेस्ट करा, प्लास्टिकच्या बादलीत पाणी वाढवा, चुना खाली बसू द्या आणि वरचं निवळ घ्या, नाहीतर सगळ्या भांड्यांवर पांढरा थर बसतो. लिक्विड हायपो (सोडियम हायपोक्लोराइट, म्हणजे पातळ क्लोरीन) मिळत असेल, 5 टक्क्यांचं, तर भांड्यांसाठी 10 लिटरला 40 मिली. पृष्ठभाग किमान दहा मिनिटं ओला राहिला पाहिजे, मग हवेवर वाळू द्यायचा, फडक्यानं पुसायचा नाही. फरशीसाठी केलेलं कडक ब्लीचिंगचं पाणी स्टीलच्या ओट्यावर उडालं तर धुवून टाका, डाग धरतो. अॅल्युमिनियमची पातेली क्लोरीनमध्ये ठेवू नका, काळी पडतात. ती चांगली उकळत्या पाण्यात काढा.

ब्लीचिंग आणि संडास धुवायचं अॅसिड एकत्र करू नका. एकानं मोरीत अॅसिड ओतलं आणि दुसऱ्यानं मागून ब्लीचिंगचं पाणी सोडलं की बंद खोलीत क्लोरीनचा वायू होतो आणि छातीत भरतो. मदतीला आलेल्या सगळ्यांना हे ओरडून सांगा, कामून की गर्दीत कोण काय ओततंय ते कळत नाही.

पाणी

हौद, संप, बोअर यात पुराचं पाणी गेलंय असंच धरून चला. हौद पूर्ण उपसा, भिंती घासा, परत भरा आणि दर 1000 लिटरला 150 ग्रॅम ब्लीचिंग टाकून रात्रभर ठेवा, सकाळी नळ सोडून ते पाणी पाईपातून जाऊ द्या, मग सगळं सोडून द्या. नंतर रोजच्या पाण्याला 1000 लिटरला 2.5 ग्रॅम, वापरायच्या आधी अर्धा-एक तास. ग्रामपंचायतीच्या पाणीवाल्याकडं ओटी टेस्टची बाटली असते, दोन थेंब टाकले की पाणी पिवळसर झालं तर क्लोरीन आहे. आरओचे फिल्टर बुडाले असतील तर सगळे बदला. पाण्याचा नमुना जिल्ह्याच्या प्रयोगशाळेत देऊन रिपोर्ट येईपर्यंत प्यायला आणि चटणी-कोशिंबिरीला जार किंवा उकळलेलं पाणी वापरा.

सुकवणं, जिथं सगळे घाई करतात

ओलं राहिलं की 24 ते 48 तासात बुरशी धरायला लागते, म्हणून गाळ निघाला त्याच दिवसापासून हवा चालू पाहिजे. आपल्याकडं घरोघरी कूलर पडलेला असतो तो इथं कामाला येतो, पाणी न घालता, जाळीची गवतं काढून, नुसता पंखा म्हणून. हे पंखे पाणी न लागलेल्या सुक्या लाईनवर चालवा, शेजाऱ्याकडून किंवा बाहेर ठेवलेल्या जनरेटरवरून, आणि प्लग जमिनीवर लोळू देऊ नका. हवा भिंतीवर सरळ न मारता भिंतीला घासून जाईल अशी तिरपी लावा आणि समोरचं दार उघडं ठेवा. ऊन असेल तेव्हा सगळं उघडं, पाऊस लागला की बंद, नाहीतर बाहेरची दमट हवा आत येते.

भिंत सुकली का, हे हात लावून कळत नाही. दोन फुटाचा प्लास्टिकचा तुकडा भिंतीवर चारी बाजूंनी चिकटपट्टी लावून एक दिवस-रात्र ठेवा. काढल्यावर आतल्या बाजूला थेंब दिसले तर भिंत अजून ओली आहे. वीटबांधकामाला आठवडे लागतात, जाड जुन्या भिंतीला त्याहून जास्त. थेंब येणं बंद होईपर्यंत रंग नाही, पुट्टी नाही, टाईल्स नाही. पांढरा लोणा फुटला तर कोरड्या ब्रशनं झाडत राहा, ओल्या फडक्यानं पुसला की तो परत भिंतीत जातो. तोपर्यंत नुसत्या स्वच्छ घासलेल्या प्लास्टरवर धंदा सुरू करता येतो, गिऱ्हाईक समजून घेतं.

लाईट आणि मशिनी

वायरमन येतो, बोर्ड वरून पुसतो आणि म्हणतो, "सुकलंय मालक, टाकू का?" म्हणावं, उघडून दाव. बोर्डाची प्लेट काढली की आत टर्मिनलवर ओल्या मातीचा चिकट थर दिसतो, आणि पाईपातून वायर ओढली की तिच्यासोबत पाणी गळतं. पाण्यात बुडालेले एमसीबी, ईएलसीबी, स्विच, सॉकेट बदलायचेच, धुवून वापरायची ही वस्तू नाही. वायर आणि अर्थिंग मेगरनं (वायरचं इन्सुलेशन तपासायच्या मशीननं) तपासून घ्या आणि मग एकेक सर्किट चालू करा.

मिक्सर, ग्राइंडर, एक्झॉस्टच्या मोटारी वायंडिंगच्या दुकानात देऊन उघडून, धुवून, भट्टीत सुकवून आणा. मिक्सरच्या भांड्याचं पातं आणि बुश नवीन टाका. फ्रीजरचं मशीन दुरुस्त होतं पण त्याच्या भिंतीतल्या फोमनं गटाराचं पाणी पिलेलं असेल तर वास कधीच जात नाही, रबराच्या घडीत बोट फिरवून बघा, काळा गाळ निघतोय का. असा फ्रीजर अन्नाला वापरू नका, मन घट्ट करून काढा.

परत सुरू करताना

पेस्ट कंट्रोल करून घ्या, पुरानंतर उंदीर आणि झुरळं कोरड्या जागेच्या शोधात किचनमध्येच येतात. कामगारांपैकी कुणाला जुलाब-ताप नाही ना ते बघा, ज्याला आहे त्याला पगार देऊन घरी बसवा. फूड लायसन्सचा कागद खराब झाला असेल तर ऑनलाइन परत काढून भिंतीला लावा. पहिले काही दिवस मेनू छोटा ठेवा: चहा, पिठलं-भाकरी, गरम खिचडी, आमटी-भात, जे उकळतं आणि लगेच ताटात जातं. चटणी, दही, ताक, कापलेला कांदा-काकडी पाण्याचा रिपोर्ट आल्यावर.

रंग मारायच्या आधी भिंतीवरच्या पाण्याच्या रेषेला खिळा ठोकून खूण करा आणि नवीन स्विचबोर्ड तिच्या किमान दोन फूट वर घ्या. मेन आणि मीटरसाठी महावितरणला अर्ज द्यावा लागतो तो आत्ताच द्या. फ्रीजरखाली लोखंडी स्टँड, धान्याला भिंतीवरचे रॅक, आणि मोरीच्या बाहेर जाणाऱ्या पाईपला उलटं पाणी अडवणारा व्हॉल्व्ह बसवून घ्या. प्लंबर तो चेंबरच्या आत बसवायला बघतो कामून की सोपं पडतं, पण झाकण उघडून हात पोचेल अशा जागी बसवायला लावा, दर पावसाळ्याच्या आधी त्यातली माती काढावी लागते.